रूप, रूपधारी आणि प्रेक्षक

१

काशीपासून गंगेच्या पलीकडच्या तीरावर रामनगर आहे. दर वर्षी अनंत चतुर्दशीला तेथे रामलीलेचा आरंभ होतो आणि सुमारे महिनाभराने, आश्विनी पौर्णिमेच्या आसपास, तिची सांगता होते. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात काशीनरेश उदित नारायण सिंह यांच्या आश्रयाने ही लीला उभी राहिली आणि पुढे ईश्वरी प्रसाद नारायण सिंह यांनी तिला विस्तार व घडी दिली. तिला एक असा रंगमंच नाही. रामनगरातच अयोध्या आहे, जनकपूर आहे, पंचवटी आहे आणि लंकाही आहे. कथा एका स्थळावरून दुसऱ्या स्थळी गेली की प्रेक्षक उठून तिच्या मागोमाग चालू लागतात. तेथे ध्वनिक्षेपक नसतो, विजेच्या दिव्यांचा झगमगाट नसतो; पेट्रोमॅक्सच्या बत्त्या आणि महताबीचा उजेड यांवर भागते. रामायणी मंडळी रामचरितमानसाचे गायन करतात, मध्येच ‘चुप रहो, सावधान’ अशी हाक उठते, आणि मग पात्रे आपापले संवाद संथ, लांबवलेल्या स्वरात म्हणतात.

राम, लक्ष्मण, भरत, शत्रुघ्न आणि सीता या पाच पात्रांना या लीलेत ‘स्वरूप’ असे नाव आहे. ही कामे ब्राह्मण कुळांतील लहान मुले करतात. निवड करताना मुलाचे रूप पाहतात, आणि त्याहून अधिक त्याचा आवाज पाहतात; आवाज फुटला, मिसरूड आले, की त्याचे स्वरूप होणे संपते. रावणासारखी काही कामे एकेका घराण्याकडे पिढ्यानुपिढ्या चालत येतात. स्वरूपे मात्र बदलत राहतात. मुलाच्या मस्तकावर मुकुट चढला की तो अमक्याचा मुलगा उरत नाही. त्याला खांद्यावरून नेतात, वयोवृद्ध माणसे त्याच्या पायांवर डोके ठेवतात, आणि रात्री आरतीच्या वेळी पाचही स्वरूपे निश्चल बसली असता महताबीच्या प्रकाशात त्यांची झाँकी पाहण्यासाठी सारा समाज पुढे लोटतो. मुकुट उतरला म्हणजे तोच मुलगा पुन्हा मुलगा होतो. या स्थित्यंतरात कोणाला विसंगती वाटत नाही. मुकुटाखाली कोण आहे, हा प्रश्न नेमाने येणारा प्रेक्षक विचारीतच नाही.

नाट्यविचारात मात्र हा प्रश्न फार जुना आहे. प्रेक्षक जे पाहतो ते नेमके काय असते? रूप, की रूप धारण करणारा? गेल्या काही वर्षांत या प्रश्नाला एक नवाच संदर्भ प्राप्त झाला आहे. यूट्यूब, ट्विच यांसारख्या जाळ्यावरील माध्यमांत ‘व्हीट्यूबर’ या नावाने ओळखले जाणारे कलावंत उदयास आले असून, ते स्वतःचा चेहरा कधीच दाखवीत नाहीत. पडद्यावर दिसते ते रेखाटलेले चित्र. हलते, बोलते, हसते, रुसते तेही चित्रच. या आभासी सोंगांची वाढ कशी झाली आणि त्यांचा प्रेक्षक त्यांच्यापाशी काय शोधतो, हे पाहू गेल्यास रामनगरचे मुकुटधारी मूल ही त्याची उत्तम कसोटी ठरते.

२

या कलाप्रकाराचे जन्मस्थान जपान होय. २०१६ च्या अखेरीस ‘किझुना आई’ या नावाची एक रेखाटलेली तरुणी यूट्यूबवर अवतरली. आपण माणूस नसून बुद्धिमान यंत्र आहोत अशी तिची बतावणी होती आणि स्वतःचा उल्लेख ती ‘व्हर्च्युअल यूट्यूबर’ असा करीत असे. त्याच शब्दाचे पुढे ‘व्हीट्यूबर’ हे संक्षिप्त रूप रूढ झाले. आरंभीची ही सोंगे खर्चिक होती. नटाच्या अंगावर हालचाली टिपणारी साधने बांधावी लागत, आणि मग त्याच्या हालचाली त्रिमितीय आकृतीवर उतरविल्या जात.

सोंग स्वस्त झाले ते दोन गोष्टींमुळे. सपाट चित्राचे डोळे, पापण्या, ओठ, केस असे शेकडो तुकडे पाडून त्यांना हालते करण्याची ‘लाइव्ह टूडी’ ही पद्धत हाताशी आली. आणि त्याच सुमारास साध्या फोनचा कॅमेराही चेहऱ्यावरील हालचाल टिपू लागला. माणसाने भुवई उंचावली की चित्राची भुवई उंचावते, माणूस मान कलती करतो तशी चित्राची मान कलते. २०१८ च्या फेब्रुवारीत सुरू झालेल्या ‘निजिसांजी’ या मंडळीने या साधेपणाचाच आश्रय केला. ‘होलोलाइव्ह’ या दुसऱ्या मोठ्या मंडळीचे पहिले रूप, तोकिनो सोरा, २०१७ च्या सप्टेंबरात आले होते. जुन्या नाटक कंपन्यांप्रमाणे या संस्था कलावंत निवडतात, त्यांना रूप देतात, त्यांचा कार्यक्रम ठरवितात आणि उत्पन्नात वाटेकरी होतात. हा व्यवहार किती वाढला हे एवढ्यावरून कळेल की निजिसांजी चालविणारी एनीकलर ही कंपनी २०२२ साली आणि होलोलाइव्ह चालविणारी कव्हर ही कंपनी २०२३ साली टोकियोच्या शेअरबाजारात दाखल झाली.

या वाढीत २०२० हे वर्ष निर्णायक ठरले. करोनाच्या साथीने जगभर माणसे घरात कोंडली गेली. रामनगरची लीलाही त्या वर्षी होऊ शकली नाही. जेथे एकत्र जमणेच अशक्य झाले होते तेथे पडद्यावरील हा नवा मेळा भरू लागला. त्याच वर्षीच्या सप्टेंबरात होलोलाइव्हने इंग्रजी बोलणारी पाच रूपे पुढे आणली. त्यांपैकी गॉर गुरा या शार्कच्या शेपटीच्या मुलीचे अनुयायी पुढे चाळीस लाखांवर गेले. निजिसांजीने भारतातही एक प्रयत्न करून पाहिला. आद्या, नूर आणि विहान अशी भारतीय नावांची रूपे २०२० च्या सुमारास प्रेक्षकांपुढे आली. परंतु ती शाखा फार टिकली नाही, २०२१ साली ती बंद झाली.

या सोंगांचे कार्यक्रम बाह्यतः अगदी सामान्य असतात. कोणी पडद्यावरचा खेळ खेळत बसते, कोणी गाणी म्हणते, कोणी नुसत्या गप्पा मारते. आणि हे तीन-तीन, चार-चार तास चालते. त्यात कथानक नाही, संघर्ष नाही, आरंभ-मध्य-अंत नाही. नाटकाच्या कोणत्याही व्याख्येत ते बसणार नाही. असे असता लक्षावधी लोक तेथे का थांबतात, याचे उत्तर ‘यंत्राचे नावीन्य’ एवढेच देणे पुरेसे नाही. नावीन्य काही महिन्यांत विटते. हे प्रेक्षक वर्षानुवर्षे टिकून आहेत.

३

श्रीशंकुकाचे रसविषयक मत या ठिकाणी उपयोगी पडते. त्याचा ग्रंथ आज उपलब्ध नाही. अभिनवगुप्ताने खंडनासाठी त्याचे मत नोंदवून ठेवले आणि मम्मटानेही ते सांगितले, म्हणून ते ज्ञात आहे. रंगभूमीवरील नटाला प्रेक्षक ‘हा राम’ असे समजतो, ते ज्ञान कोणत्या प्रकारचे? ते यथार्थ नव्हे, कारण नट राम नसतो. ते भ्रमरूप नव्हे, कारण मागाहून कोणी भ्रम दूर करीत नाही. ते संशयरूप नव्हे, आणि ‘हा रामासारखा आहे’ असे केवळ सादृश्याचे ज्ञानही नव्हे. चित्रातील घोड्याला पाहून आपण ‘हा घोडा’ असे म्हणतो, तशी ही चौघांहून वेगळी प्रतीती आहे. हाच तो चित्रतुरगन्याय.

पडद्यावरील आभासी सोंग हे अक्षरशः चित्रतुरग आहे. ते चित्र आहे हे प्रेक्षकाला ठाऊक असते आणि ते ठाऊक असण्याने त्याच्या आस्वादात तिळमात्र उणेपणा येत नाही. ‘हे सगळे खोटे आहे’ असा आक्षेप बाहेरून घेणारा मनुष्य, चित्रातला घोडा धावत नाही अशी तक्रार करणाऱ्याच्या पंक्तीला बसतो. नाट्यात प्रेक्षकाची फसवणूक होत नसते, तो आपल्या संमतीने एका प्रतीतीत शिरत असतो, हे सत्य या नव्या प्रकाराने पुन्हा एकदा सिद्ध केले आहे.

परंतु न्याय येथवरच लागू पडतो. अभिनवगुप्ताचा गुरू भट्टतौत याने शंकुकाच्या अनुकरणवादावर एक मार्मिक आक्षेप घेतला होता: रामाला ज्याने कधी पाहिलेच नाही त्याला, नट रामाचे अनुकरण करीत आहे हे कळावे कसे? आभासी सोंगाच्या बाबतीत हा आक्षेप टोकाला जातो. येथे अनुकार्य असे काही नाहीच. समुद्रातून आलेली शार्कमुलगी कोणत्याही पुराणात नाही, इतिहासात नाही; तिची जन्मकथा चार ओळींत सांगून संपते आणि पुढे कलावंतही ती फारशी मनावर घेत नाही. मग तासन्‌तास जे चालते ते कोणाचे अनुकरण? ते अनुकरण नव्हेच. खेळात हरल्यावर निघालेला वैतागाचा उद्गार, अनावर हसू, रात्र चढल्यावर आवाजात उतरलेला थकवा, या गोष्टी रचलेल्या नसतात. चित्र कल्पित असते; त्यामागचे जगणे मात्र त्या क्षणापुरते खरे असते. चित्रातल्या घोड्यावर येथे खराखुरा स्वार बसला आहे, आणि प्रेक्षकाचा लोभ घोड्यापासून सुरू होऊन हळूहळू स्वारावर जडतो.

४

हे घडते कसे, ते या प्रेक्षकाची वागणूक पाहिली म्हणजे स्पष्ट होते. रामनगरच्या झाँकीत प्रेक्षक पाहायला जातो तसा दिसायलाही जातो. देवाची दृष्टी आपल्यावर पडावी ही त्याची आस असते. दर्शन हा तेथे दुहेरी व्यापार आहे. चित्रपटाच्या प्रेक्षकाला हे कधी मिळत नाही. पडद्यावरचा नायक त्याच्याकडे पाहत नाही. आभासी सोंगाच्या सभेत मात्र ही दुहेरी वाट पुन्हा मोकळी झाली आहे. प्रेक्षक लिहितो, ते पडद्यावर उमटते, सोंग ते वाचते, त्याला नावाने हाक मारते, उत्तर देते. पैसे पाठविले तर लिहिलेले अधिक वेळ ठळकपणे दिसते. हजारोंच्या गर्दीत आपले नाव उच्चारले जावे यासाठी मोठ्या रकमा पाठविणारे लोक असतात. या देवघेवीत व्यापार आहे हे नाकारण्याचे कारण नाही; तीर्थक्षेत्रीच्या दर्शनातही दक्षिणा असतेच. पण निव्वळ व्यापार म्हणून तिची बोळवण केली, तर एकाकी माणसाला नावाने मिळालेल्या हाकेचे मोल कळणार नाही.

शिवाय हा प्रेक्षक निष्क्रिय नाही. लांबलचक कार्यक्रमांतील वेचक भाग तो कापून काढतो (जपानीत यास ‘किरिनुकी’ म्हणतात), त्यांना आपल्या भाषेत अक्षरे जोडतो आणि इतरांसाठी ठेवतो. जपानी न समजणाऱ्या जगात ही सोंगे पसरली ती पुष्कळशी अशा हौशी दुभाष्यांच्या श्रमांमुळे. रूपाचे चित्र काढणाऱ्या चित्रकाराला या मंडळींत लाडाने ‘आई’ म्हणतात, आणि त्या चित्राला हालते करणाऱ्याला ‘बाबा’. एका कल्पित आकृतीभोवती असे नात्यांचे एक गोतावळे तयार होते.

या गोतावळ्याची श्रद्धा रूपावर आहे की रूपधाऱ्यावर, याची परीक्षा २०१९ साली होऊन गेली. त्या वर्षी किझुना आईच्या एकाच रूपामधून वेगवेगळे आवाज बोलू लागले. रूप तेच, नाव तेच, हावभाव तेच. व्यवस्थापकांच्या दृष्टीने यात गैर काही नव्हते, कारण यंत्राला अनेक प्रती असू शकतात अशी त्या पात्राची कथाच होती. पण प्रेक्षकांनी ते स्वीकारले नाही. पहिल्या आवाजासाठी त्यांनी एवढा आग्रह धरला की २०२० साली नोझोमी कासुगा या अभिनेत्रीचे नाव अधिकृतपणे जाहीर करण्यात आले. पुढे २०२२ च्या फेब्रुवारीत ते रूप विश्रांतीस गेले आणि २०२५ साली पुन्हा प्रेक्षकांसमोर आले.

रामनगराशी येथे पूर्ण विरोध दिसतो. तेथे मुले बदलतात, आवाज बदलतात. राम बदलत नाही. याचे कारण राम त्या मुलाच्या आधी होता आणि नंतरही असणार आहे. रूपाचा आधार परंपरेत आहे, ग्रंथात आहे, शेजारी बसून मानसाची पोथी चाळणाऱ्या नेमी प्रेक्षकाच्या अंतःकरणात आहे. मुलाने त्या रूपाला केवळ देह द्यावयाचा असतो. आभासी रूपाला असा कोणताच पूर्वाधार नाही. त्याच्या मागे ग्रंथ नाही, पुराण नाही, पिढ्यांची स्मृती नाही. त्याचे सारे चरित्र त्या एका अज्ञात आवाजाने दररोज बोलून बोलून घडविलेले असते. म्हणून आवाज काढून घेतला की रूप उरते ते निव्वळ चित्र. जो प्रेक्षक रूपावर भाळलेला दिसतो तो वस्तुतः एका माणसाला ओळखीत असतो. फक्त त्या माणसाचे नाव त्याला ठाऊक नसते.

५

मराठी रसिकाला सोंगाची ओळख नवी नाही. एकनाथांचे भागवत ज्या काशीत पूर्णत्वास गेले, त्या काशीचा आणि मराठी वाङ्मयाचा संबंध जुना आहे. आणि सोंगाचा सर्वांत समृद्ध वाङ्मयीन उपयोग याच नाथांनी भारुडांत केला. जोशी, गोंधळी, वाघ्या, भुत्या, किती तरी रूपे घेऊन ते बोलतात. रूप पूर्ण रंगते, त्या त्या रूपाची बोली, लकब, अडाणीपणा, ठसका सारे येते. आणि अखेरीस नाममुद्रा येते. त्या मुद्रेसरशी श्रोत्याला कळते की हे सोंग कोणी घेतले होते आणि कशासाठी घेतले होते. सोंग आणि सही अशी भारुडाची दुहेरी बांधणी आहे. अलीकडच्या काळात शब्दभ्रमकार यशवंत केशव पाध्ये यांनी निर्माण केलेला अर्धवटराव त्यांचे पुत्र रामदास पाध्ये यांच्या हाती आला. तेथेही बाहुला आणि बाहुला बोलविणारा दोघे एकाच वेळी प्रेक्षकांसमोर असत. बाहुल्याच्या फटकळपणावर लोक हसत, आणि टाळ्या पडत त्या माणसाला.

याचा अर्थ, रूप आणि रूपधारी यांच्या संबंधाच्या तीन व्यवस्था संभवतात. रामनगरात रूप सर्वस्व आहे; मूल गौण आहे, आणि ते प्रेक्षक, मूल व मुलाचे आईबाप या सर्वांना मान्य आहे. महिन्याच्या अखेरीस काशीनरेशांच्या घरी कोटविदाई होते, स्वरूपांचा सन्मान होतो आणि मुले आपापल्या नावांनिशी घरी परततात. भारुडात व शब्दभ्रमात रूप आहे आणि त्याखाली सही आहे. तिसरी व्यवस्था आभासी सोंगाची: रूपाचे सारे चैतन्य माणसाचे, पण सही माणसाची नाही. मंडळीत असलेल्या कलावंताच्या बाबतीत चित्र, नाव आणि त्या नावाभोवती जमलेली कीर्ती सामान्यतः संस्थेच्या मालकीची असते. जपानीत रूपधाऱ्याला ‘नाकानोहितो’, म्हणजे ‘आतला माणूस’, असे म्हणतात. आणि आतल्या माणसाविषयी उघड बोलू नये असा या प्रेक्षकांत संकेत आहे.

या संकेताची किंमत निरोपाच्या वेळी कळते. कलावंत संस्था सोडतो त्याला ‘पदवीदान’ असा गोड शब्द आहे. शेवटचा कार्यक्रम होतो, गाणी होतात, प्रेक्षक रडतात. २०२५ च्या मे महिन्याच्या आरंभी गॉर गुराने असाच निरोप घेतला. नाटकातला नट कंपनी सोडून गेला तरी त्याचा चेहरा आणि नाव त्याच्याबरोबर जाते. दुसऱ्या कंपनीच्या जाहिरातीत लोक त्याला ओळखतात. येथे पाच-पाच वर्षांची मेहनत एका रूपाच्या खाती जमा होते आणि रूप मागे राहते. कलावंताने नव्या रूपात प्रवेश केला तर जुने प्रेक्षक आवाजावरून त्याला ओळखतात, पण ओळख दाखवीत नाहीत. ‘आपण पूर्वी भेटलो होतो’ हे दोघांनाही ठाऊक असते आणि दोघेही ते बोलत नाहीत. रामनगरच्या मुलाला मुकुट उतरल्यावर स्वतःचे नाव परत मिळते. या कलावंताला मुकुट उतरल्यावर आपण तो घातला होता हेही मोकळेपणाने सांगता येत नाही.

६

म्हणून हे सोंग त्याज्य ठरते काय? तसे म्हणणे अन्यायाचे होईल. पडदा हा कैद जशी असू शकतो तसा आश्रयही असतो. ‘आयर्नमाऊस’ या नावाने कार्यक्रम करणारी प्वेर्तो रिकोची कलावती रोगप्रतिकारशक्तीच्या गंभीर विकाराने दीर्घकाळ घरात, पुष्कळदा अंथरुणावर, राहिलेली आहे. हे तिने स्वतःच प्रेक्षकांना सांगितले आहे. रंगमंचावर जाणे जिला शक्य नव्हते तिने चित्राच्या रूपाने गाणे म्हटले, आणि २०२४ च्या सप्टेंबरात वर्गणीदारांच्या संख्येचा ट्विचवरील तोवरचा उच्चांक मोडला. चेहरा सुंदर नाही, वय उलटले आहे, देह साथ देत नाही, किंवा चारचौघांत तोंड उघडण्याचे धैर्य नाही, अशा कितीतरी गुणवंतांना देहाच्या जुलमातून सुटण्याची वाट या सोंगाने दिली आहे. नाट्यकलेच्या इतिहासात ही लहान गोष्ट नव्हे.

समीक्षेपुढचा प्रश्न वेगळा आहे. या कलेला ‘खोटी’ ठरवून बाजूला सारणे सोपे आहे, आणि नवे यंत्र म्हणून तिची भलावण करणे त्याहूनही सोपे आहे. दोन्ही दृष्टी रूपापाशी थांबतात. शंकुकाने रूपाच्या प्रतीतीचा उलगडा केला; पण त्या प्रतीतीमागे राबणाऱ्याचे देणे काय, हा प्रश्न त्याच्या काळी उद्भवला नव्हता, कारण नट प्रेक्षकांच्या समोर उभा असे. आज तो समोर नाही, म्हणून तो प्रश्न उभा राहिला आहे. २०१९ साली किझुना आईच्या प्रेक्षकांनी एका अज्ञात आवाजासाठी जो हट्ट धरला, तो वरवर पाहता करमणुकीच्या गिऱ्हाइकांचा रुसवा होता. वस्तुतः त्या हट्टात रसिकाचा जुना विवेक जागा होता: ज्याने आनंद दिला त्याला ओळखले पाहिजे, त्याच्या जागी दुसरा बसविला तर ते निमूटपणे चालवून घेता कामा नये.

परंपरेने ज्या रूपाला आधार दिला आहे तेथे माणूस विसरला तरी चालते, कारण तेथे माणूसही त्या रूपाचा भक्तच असतो. ज्या रूपाला माणसाखेरीज दुसरा आधार नाही तेथे माणसाला विसरणे हे कलेचे मूळच विसरणे होय. सोंग राहू द्यावे, चेहरा झाकलेलाही राहू द्यावा. पण भारुडाच्या अखेरीस येणाऱ्या मुद्रेसाठी जेवढी जागा असते तेवढी या नव्या सोंगातही असावी. ती जागा करून देणे हे संस्थांचे काम आहे, आणि ती मागणे हे प्रेक्षकांचे.